गंधार कुणाचा?

वर्धा-यवतमाळ रस्त्यावरच्या देवळीत किंवा आसपासच्या एखाद्या गावात हरिनाम सप्ताह बसला, की वीणा सात दिवस खाली टेकत नाही. पहारा बदलतो, ती एकाच्या गळ्यातून दुसऱ्याच्या गळ्यात जाते, आलेगेले वीणेकऱ्याच्या पाया पडतात. या वीणेवर कुणी चाल वाजवत नाही. तारा ज्या स्वरांत लावल्या, तेच स्वर अखंड घुमत राहतात. मग वीणेकरी नेमकं करतो तरी काय? नाद त्याच्या हाताने घडतो, की तो नादाला फक्त वाट देतो?

हाच प्रश्न गिटारवाल्यांनीही आपल्या परीने हाताळला आहे. गिटारच्या सहा तारा सहसा ई, ए, डी, जी, बी, ई अशा लावतात. त्या नुसत्या छेडल्या तर एकमेकींशी पुरत्या जुळत नाहीत. त्यांच्यातला मेळ डाव्या हाताच्या बोटांना घडवावा लागतो. ‘ओपन ट्यूनिंग’मध्ये हे काम आधीच खुंट्यांवर उरकलेलं असतं. ओपन जी घ्या: डी, जी, डी, जी, बी, डी. जीला षड्ज मानलं तर हे झालं प सा प सा ग प. एकही बोट न दाबता हात फिरवला, की भरलेला, जुळलेला नाद उठतो. ‘रोलिंग स्टोन्स’चा कीथ रिचर्ड्स यातली सर्वांत खालची तारही काढून टाकतो आणि उरलेल्या पाच तारांवर वाजवतो. कॅनडाच्या जोनी मिचेलला १९५३ साली, नवव्या वर्षी, पोलिओ झाला आणि डावा हात अधू राहिला. अवघड पकडी जमेनात, म्हणून तिने तारांच्याच नव्यानव्या जुळण्या शोधल्या. तिच्या गाण्यांचा वेगळा रंग बराचसा त्या जुळण्यांतून आला आहे.

इंग्लंडच्या डेव्ही ग्रॅहमने १९६०च्या दशकाच्या सुरुवातीला रूढ केलेली डी, ए, डी, जी, ए, डी ही जुळणी आपल्या कानाला फार जवळची वाटावी अशी आहे: सा प सा म प सा. आनंदी की उदास हे ठरवणारा गंधारच तिच्यात नाही. त्यामुळे ती ना आनंदी, ना उदास. गाणाऱ्याने येऊन ठरवावं म्हणून ती थांबलेली असते.

आपल्या तंबोऱ्याची गोष्ट याहून विलक्षण. पंचम, जोडीच्या दोन तारा आणि खर्ज एवढंच लावलेलं असतं. गंधाराची तार नाहीच. तरीही तंबोरा नीट मिळाला, घोडीवर तारेखाली सरकवलेला जवारीचा दोरा नेमक्या जागी बसला, की खर्जातून गंधार ऐकू येतो. गवई त्याला स्वयंभू गंधार म्हणतात. कारण भौतिक आहे: तार एकाच वेळी अनेक भागांत कंप पावते आणि मूळ कंपनसंख्येच्या पाचपट असलेला स्वर म्हणजे दोन सप्तकं वरचा गंधार. पेटीचा किंवा पडदे असलेल्या गिटारचा गंधार याच्यापेक्षा सुमारे १४ सेंट, म्हणजे अगदी किंचित, चढा असतो. सांगलीच्या कृष्णाजी बल्लाळ देवलांनी १९१० साली बावीस श्रुतींवर पुस्तक लिहिलं, ते असल्या सूक्ष्म अंतरांच्या ध्यासापायीच. ब्रिजभूषण काब्रा, विश्वमोहन भट्ट यांनी गिटारवर सळई सरकवून राग वाजवले, तेव्हा पडद्यांचा हा अडसर आपोआप दूर झाला. अमेरिकेच्या राय कूडरबरोबर भट्टांनी केलेल्या ध्वनिमुद्रणाला १९९४ साली ग्रॅमी मिळालं. दोघेही तारा मोकळ्या जुळवून, वर सळई सरकवणारे. त्यांना एकमेकांचं बोलणं समजायला वेळ लागला नसावा.

कारण भौतिक असलं, तरी प्रश्न सुटत नाही. हा गंधार कुणी छेडला नाही, तर तो कुणाचा? रामानुजांच्या वैष्णव परंपरेत देवाच्या कृपेवरून असाच वाद झाला आणि दोन पक्ष पडले. मर्कटन्यायाचे लोक म्हणाले, वानराचं पिल्लू आईला स्वतः घट्ट धरतं, तसा जीवाने प्रयत्न करायला हवा. मार्जारन्यायाचे म्हणाले, मांजरीचं पिल्लू काहीच करत नाही, आईच त्याला तोंडात धरून नेते. तंबोऱ्यापाशी बसलं, की दोन्ही पक्ष अपुरे वाटतात. गंधार मागून मिळत नाही, हाताने काढता येत नाही. पण तार केसभर उतरलेली असली तर तो येतही नाही. म्हणजे कष्ट आहेतच, फक्त ते आधी करायचे आहेत, खुंटीवर आणि सूर बारीक मिळवणाऱ्या मण्यावर. नंतर मध्ये लुडबुड करायची नाही. साधनेचं याहून अचूक वर्णन शास्त्रार्थात सापडणं कठीण आहे.

या कष्टांत त्यागही आहे. तारा ओपन जीमध्ये लावल्या, की दुसऱ्या पट्टीत जाणं अवघड होतं. तंबोरा तर एका षड्जाला बांधलेलाच. सगळे दरवाजे उघडे ठेवणाऱ्याला हा नाद मिळत नाही. एका स्वराला वाहून घ्यावं लागतं, आणि व्रत म्हणतात ते यालाच.

म्हणून वीणेकऱ्याच्या पाया पडण्यात मोठा अर्थ आहे, पण त्याला एक अट आहे: वीणा सुरात हवी. पुष्कळ सप्ताहांत पखवाजाला कणीक लावून तो पेटीशी मिळवतात, टाळ निवडून घेतात, आणि वीणा मात्र भिंतीवरच्या खुंटीवरून उतरवली तशीच गळ्यात जाते. तारा सैल, एकीचा दुसरीशी मेळ नाही. सात दिवस अखंड वाजायचं ते हेच वाद्य. मिरजेत आजही पिढीजात कारागीर तंतुवाद्यं घडवतात, २०२४ साली तिथल्या सतार-तंबोऱ्याला भौगोलिक मानांकनही मिळालं. वीणा दुरुस्त करून घेणं अशक्य नाही. देवळी आणि परिसरातल्या भजनी मंडळांनी पुढच्या सप्ताहाच्या आदल्या संध्याकाळी तासभर काढावा, गावातल्या एखाद्या सुरेल माणसाला बोलवावं, आणि पहिला पहारा लागण्याआधी वीणा षड्ज-पंचमात नीट मिळवून घ्यावी.