उपयोग संपल्यावर

‘जासूद’ हा शब्द मराठीत आता ऐतिहासिक कादंबऱ्यांपुरता उरला आहे. पेशवेकाळातल्या कागदांत तो दोन अर्थांनी भेटतो: पत्रे पोचवणारा आणि बातमी काढून आणणारा. दोन्ही कामे बहुधा एकाच माणसाकडे असत, म्हणून शब्दही एकच. दरी आणि पश्तो या अफगाणिस्तानच्या भाषांत त्याचा सख्खा भाऊ ‘जासूस’ अजून रोजच्या वापरात आहे, आणि तिथे तो ज्याला चिकटतो त्याच्या जिवाला घोर लागतो. आपल्या ‘तर्जुमा’ या शब्दाचे नातेवाईकही तिथे राहतात. दुभाष्याला दरीत ‘तर्जुमान’ म्हणतात. गेल्या चार दशकांच्या युद्धांत तर्जुमान आणि जासूस या दोन शब्दांमधले अंतर फार थोडे राहिले. परक्या फौजेची भाषा ज्याला येते तो त्यांचा खबऱ्याही असणार, असा सरळ हिशेब होता.

मी व्यवसायाने भाषांतरकार आहे. त्यामुळे अफगाणिस्तानातल्या हेरगिरीवरचे चित्रपट पाहताना माझे लक्ष नायकाकडे कमी आणि त्याच्या शेजारी बसलेल्या माणसाकडे जास्त जाते. हा माणूस जवळजवळ प्रत्येक चित्रपटात असतो. तो दुभाषा असतो, वाटाड्या असतो किंवा खबऱ्या. नायक परदेशातून येतो आणि काम संपले की परत जातो. हा मात्र तिथलाच असतो. या चित्रपटांनी एक नैतिक प्रश्न अनेकदा उभा केला आहे आणि बहुतेकदा चुकीच्या दाराने बाहेर सोडून दिला आहे, असे मला वाटते. प्रश्न असा: एखाद्याचा विश्वास आपण कामासाठी मिळवला, आणि ते काम संपले, तर त्या विश्वासाचे देणे उरते का? उरत असेल, तर ते फेडायचे कोणी?

गुप्तचर यंत्रणेचे कामच विश्वासावर चालते. खबऱ्याला पैसे मिळतात हे खरे, पण नुसत्या पैशासाठी जिवावर उदार होणारे थोडे. त्याच्या घरची चौकशी करावी लागते, त्याचा राग-लोभ ओळखावा लागतो, ‘तुझी काळजी आम्ही घेऊ’ असे सांगावे लागते. हे सांगणारा अधिकारी ते मनापासूनही सांगत असेल. तरी तो विश्वास एका हेतूने निर्माण केलेला असतो. कांटचे एक सूत्र सर्वांना माहीत आहे: माणसाला केवळ साधन म्हणून वागवू नये. इथे ‘केवळ’ हा शब्द महत्त्वाचा. एकमेकांचा उपयोग आपण सगळेच करतो, कांट त्याला मनाई करत नाही. पण मग कोणी ‘केवळ’ साधन झाला आहे हे ओळखायचे कसे? काम चालू असताना ते कळत नाही, कारण शहाणा कारागीर हत्यारालाही तेलपाणी करतो आणि जपून ठेवतो. हत्यार आणि माणूस यांतला फरक उपयोग संपल्यावर दिसतो.

याच कसोटीवर काही चित्रपट पाहू.

कॅथरिन बिगेलो यांच्या ‘झिरो डार्क थर्टी’ (2012) मध्ये खोस्तच्या कॅम्प चॅपमन तळाचा प्रसंग आहे. एक जॉर्डेनियन डॉक्टर अल-कायदाच्या आतली माहिती देणार म्हणून सीआयएची अधिकारी त्याच्यासाठी केक भाजून ठेवते. त्याला अपमान वाटू नये म्हणून फाटकावर त्याची झडती घेतली जात नाही. तो गाडीतून उतरतो आणि अंगावरचा स्फोट घडवतो. ही घटना खरी आहे, 30 डिसेंबर 2009 ची. सीआयएची सात माणसे त्यात गेली. चित्रपटातला केक मला फार बोलका वाटतो. तो आतिथ्याचा असतो आणि आमिषाचाही, आणि भाजणाऱ्या बाईला स्वतःलाही या दोन्हींतली रेघ दिसत नसावी. विश्वास हे हत्यार म्हणून वापरले की समोरचाही ते वापरू शकतो, एवढे हा प्रसंग दाखवतो. पण त्या स्फोटात आणखी दोघे गेले होते: एक जॉर्डेनियन अधिकारी, आणि त्या डॉक्टरला सीमेवरून गाडीत घालून आणणारा एक अफगाण. नायिका पुढे ज्यांच्या मृत्यूचा भार वाहते, त्यांत हा अफगाण नाही. लँग्लीच्या मुख्यालयात संगमरवरी भिंतीवर कोरलेले तारे सीआयएच्या स्वतःच्या माणसांसाठी असतात. चित्रपटाची स्मृतीही जवळपास त्याच भिंतीएवढी आहे.

माइक निकल्स यांचा ‘चार्ली विल्सन्स वॉर’ (2007) या बाबतीत जास्त प्रामाणिक आहे. सोव्हिएत फौजांविरुद्ध मुजाहिदीनांना गुपचूप शस्त्रे पुरवण्याची ही गोष्ट. अमेरिकन संसदेतला एक रंगेल सदस्य आणि सीआयएचा एक फटकळ अधिकारी मिळून या कामाचा निधी वाढवत नेतात. 15 फेब्रुवारी 1989 ला शेवटची सोव्हिएत तुकडी बाहेर पडते. मग हाच सदस्य शाळांसाठी दहा लाख डॉलर मागतो आणि समितीतले सहकारी कंटाळून नकार देतात. शस्त्रांसाठी कोट्यवधी देताना ज्यांनी फार विचारले नव्हते, त्यांना आता अफगाणिस्तानशी आपला संबंध काय हे कळेनासे होते. त्या एका बैठकीत ‘केवळ’ या शब्दाचा अर्थ पुरता उलगडतो. पण या चित्रपटात अफगाण माणूस मुख्यतः पेशावरच्या निर्वासित छावणीत दिसतो. तो दयेचा विषय आहे. ज्याचे देणे आहे असा सावकार नाही.

गाय रिची यांच्या ‘द कव्हेनंट’ (2023) मध्ये हे देणेच कथेच्या मध्यभागी येते. तालिबानचे बॉम्बचे कारखाने शोधणाऱ्या तुकडीचा सार्जंट किनली जखमी होतो. त्याचा दुभाषा अहमद त्याला ओढत, लपवत, डोंगरांतून पार करून तळावर पोचवतो. किनली कॅलिफोर्नियाला परततो, अहमद बायको आणि तान्ह्या मुलासह लपत फिरतो. किनलीला झोप लागत नाही. व्हिसासाठी तो तासन्‌तास फोन धरून बसतो, आणि अखेर स्वतःच्या हिमतीवर परत जाऊन अहमदच्या कुटुंबाला विमानात बसवतो. चित्रपट उत्तम बांधलेला आहे, आणि मला खटकते ते नेमके तिथेच. एका राज्यसंस्थेचे देणे इथे एका माणसाच्या काळजावर चढवले जाते. तो ते फेडतो आणि आपण सुटकेचा श्वास टाकतो. त्यानंतर पडद्यावर अक्षरे उमटतात, की तीनशेहून अधिक दुभाषे आणि त्यांचे नातलग मारले गेले आणि हजारो अजून लपून आहेत. पण तोवर आपण मनाने त्या विमानात बसलेलो असतो.

‘त्याने काम केले, त्याचे पैसे घेतले, हिशेब मिटला’ असे म्हणणारे आहेत, आणि त्यांचे म्हणणे अगदीच टाकाऊ नाही. खबऱ्या किंवा दुभाषा प्रौढ माणूस असतो. धोका त्याला कळतो. त्याला सतत बळी ठरवणे हाही त्याचा अपमानच. चित्रपटातला अहमद या कामाकडे वळतो त्यामागे पैसा आहे आणि तालिबानने मारलेला मुलगाही. पण पगारात वसूल होते ती मेहनत. त्या कामामुळे आयुष्यभर मागे लागणारा शिक्का पगारात येत नाही. शिक्का मारणारा तालिबान असेल, पण ज्यावर तो बसला ते नाते फौजेने आपल्या गरजेपोटी जोडलेले होते.

प्रत्यक्षातला कागदोपत्री व्यवहार पाहिला की हे आणखी स्पष्ट होते. अमेरिकेने 2009 मध्ये अफगाण सहकाऱ्यांसाठी खास व्हिसाचा कायदा केला. पुढे अर्जांचा निकाल नऊ महिन्यांत लावायचा असेही ठरले, तरी अनेकांची वर्षे गेली. अर्जासोबत नोकरीचा पुरावा आणि वरिष्ठाचे शिफारसपत्र लागत असे. म्हणजे जो कागद वकिलातीत निष्ठेचा पुरावा, तोच रस्त्यावरच्या नाक्यावर गुन्ह्याचा पुरावा. ऑगस्ट 2021 मध्ये काबूल पडले तेव्हा कित्येकांनी असे कागद जाळले. जाळले तर व्हिसा नाही, ठेवले तर जीव नाही. दुभाष्याकडे निदान जाळायला कागद होता. खऱ्या खबऱ्याकडे तोही नसतो. त्याच्या कामाची खूण राहू नये, हीच त्याच्या कामाची पहिली अट असते. ज्याने सर्वांत जास्त धोका पत्करला, त्याच्यापाशीच मागणी करण्याचे साधन सर्वांत कमी.

या सगळ्यापुढे मला केविन रेनॉल्ड्स यांचा ‘द बीस्ट’ (1988) हा काहीसा विसरलेला चित्रपट ठेवावासा वाटतो. काळ सोव्हिएत युद्धाचा. एक रशियन रणगाडा दऱ्याखोऱ्यांत वाट चुकला आहे. चालकांसोबत समद नावाचा अफगाण दुभाषा आहे. ही भूमिका दार्जिलिंगमध्ये जन्मलेले अभिनेते एरिक अवारी यांनी केली आहे. रशियन पात्रे पडद्यावर इंग्रजी बोलतात आणि पठाण पश्तो. समद हा या दोन्हींमधला पूल. रणगाड्याच्या प्रमुखाला त्याच्यावर संशय येतो आणि तो समदला गोळी घालतो. दोन्हीकडची भाषा येणे ही त्याची किंमत होती, आणि तोच त्याचा अपराध ठरला.

पण मरण्याआधी समदने एका रशियन सैनिकाला पश्तूनांच्या रीतिनियमांतला एक शब्द शिकवलेला असतो: ननवाते. दारात येऊन आसरा मागणाऱ्याला, तो शत्रू असला तरी, आसरा द्यायचा. पुढे हा सैनिक आपल्याच लोकांनी मरायला सोडलेला असतो. मुजाहिदीनांच्या हाती लागल्यावर तो हाच एक शब्द उच्चारतो आणि वाचतो. दुभाषा मेला, पण त्याने भाषांतर केलेला शब्द कामी आला. अशीच एक खरी घटना आहे. जून 2005 मध्ये कुनार प्रांतात टेहळणीवर गेलेल्या चार अमेरिकन सैनिकांपैकी उरलेल्या एकट्याला मोहम्मद गुलाब या गावकऱ्याने आपल्या घरात ठेवले आणि तालिबानला दिले नाही. त्यावरूनच ‘लोन सर्व्हायव्हर’ (2013) निघाला. पुढे गुलाबला मात्र गाव सोडावे लागले.

पश्तून संहितेचे मला उदात्तीकरण करायचे नाही. त्याच नियमांत सूडालाही तितकेच मानाचे पान आहे, आणि बायकांच्या वाट्याला त्यातून काय येते हे वेगळे सांगायला नको. पण ननवातेचे तर्कशास्त्र नीट पाहावे. तिथे देणे निर्माण होते ते समोरच्याने मागितले म्हणून. त्याचा पूर्वी काही उपयोग झाला का, पुढे होईल का, हा प्रश्नच येत नाही. गुप्तचर यंत्रणेचे गणित बरोबर उलटे आहे: उपयोग असेतोवर नाते, आणि मागण्याची वेळ आली की फाईल.

हा प्रश्न अमेरिकेचाच आहे असे समजून आपल्याला हात झटकता येणार नाहीत. पुण्यात अनेक वर्षे अफगाण विद्यार्थी शिकत आले आहेत. भारत-अफगाण मैत्रीची भाषणे आपण ऐकली आहेत, तिथले संसद भवन आपण बांधून दिले आहे. 25 ऑगस्ट 2021 ला भारत सरकारने देशाबाहेर असलेल्या अफगाणांना पूर्वी दिलेले व्हिसा रद्द केले आणि नव्या ई-व्हिसासाठी अर्ज करायला सांगितले. त्यामागे सुरक्षेची कारणे दिली गेली, ती खरीही असतील. पण ज्यांच्या पासपोर्टावर आपला शिक्का होता त्यांना तो शिक्का एका दिवसात निरुपयोगी झालेला दिसला. त्या दिवशी आपल्यातल्या किती जणांची झोप उडाली?

किनलीची उडाली होती, म्हणून तो आपल्याला आवडतो. एकट्याने परत जाणारा असा नायक प्रत्येक चित्रपटाला मिळतो, प्रत्येक अहमदला मिळत नाही. ‘तुझी काळजी आम्ही घेऊ’ या वाक्यातला ‘आम्ही’ भाषांतर करताना मी ‘मी’ करू शकत नाही. मूळ वाक्य बोलणारा अधिकारी एकटा असेल, पण शब्द त्याने सर्वांच्या वतीने दिलेला असतो: मतदारांच्या, करदात्यांच्या, आणि ज्यांच्या नावाने ते युद्ध चालले त्यांच्याही.