गोष्ट कोण सांगतं?

कन्नडमध्ये ‘पाप’ म्हणजे बिचारा. त्यामुळे ई टीव्ही कन्नडवर गाजलेल्या ‘पाप पांडू’ या मालिकेचं नाव मराठी कानाला उगीच नैतिक वाटतं. पांडू बायकोच्या हातचा मार खातो आणि पुढच्या भागात ताजातवाना होऊन परत येतो. बंगळूरमध्ये घरोघरी लोक पोट धरून हसले, मीही हसलो. मारणारा नवरा असता तर हसलो नसतो, कारण तो खरोखर शेजारी राहतो. पण मार खाणारा नवरा शेजारी नसतोच, हे कोणी ठरवलं?

मालिका सिहीकही चंद्रू यांची. १९८०च्या दशकात दूरदर्शनवर आलेल्या ‘सिही कही’मधून त्यांना आणि गीता यांना हे उपनाव मिळालं, ते दोघांना कायमचं चिकटलं. पुढे दोघांनी लग्नही केलं. सिही म्हणजे गोड, कही म्हणजे कडू. उगादीला इथे कडुनिंब आणि गूळ एकत्रच तोंडात घालतात. एकाने गूळ खायचा आणि दुसऱ्याने पाला, अशी वाटणी नसते.

घरगुती विनोदात मात्र ती सर्रास होते. म्हणून मला चिं. वि. जोशींचा चिमणराव आठवतो. दूरदर्शनवर दिलीप प्रभावळकरांनी तो अजरामर केला. पण पुस्तकातला चिमणराव आपली फजिती स्वतःच सांगतो. कुठे थांबायचं, काय झाकायचं, हे त्याच्या हातात असतं. पांडूच्या हातात काहीच नाही.

आमच्या ओळखीतल्या एक वहिनी लग्न होऊन इथे आल्या, तेव्हा दूधवाल्याकडे ‘हालु’ऐवजी ‘हाळु’ मागायच्या. म्हणजे दुधाऐवजी नासाडी. भाऊजींनी हा किस्सा वीसेक वर्षं प्रत्येक पंगतीत सांगितला. वहिनी वाढता वाढता हसायच्या. सुखी संसार, असंच आम्ही सगळे म्हणायचो. गेल्या गणपतीत त्यांनी भाऊजींना मध्येच थांबवून तो स्वतः सांगितला. त्यात एक भर होती: दिवसभर त्या घरात एकट्या असायच्या, बोलायला तो दूधवाला एवढाच माणूस होता, आणि त्याने न हसता त्यांना शब्द दुरुस्त करून दिला होता.

सगळे हसले, भाऊजीही. पण जरा उशिरा.