लुप्त विमाने आणि अर्जुनाचा प्रश्न

गेल्या चातुर्मासात बेंगळुरूस मल्लेश्वरम् भागातील एका मराठी गृहस्थांच्या घरी गीतेच्या चौथ्या अध्यायावर बोलण्याचा योग आला. प्रवचन आटोपल्यावर यजमानांनी लाल कापडात बांधलेला एक ग्रंथ माझ्यापुढे ठेविला आणि तो मराठीत उतरवून द्यावा, अशी विनंती केली. मानधनाचे पाकीटही तयार होते. ग्रंथ होता 'वैमानिकशास्त्र'. "महर्षी भरद्वाजांचा आहे, शास्त्रीबुवा. लुप्त झालेल्या संस्कृतीचा हा ठेवा नातवाच्या हाती पडावा, एवढीच इच्छा." नातू विमानविद्या शिकणारा, तो आतल्या खोलीतून बाहेर आला नाही. मागाहून कळले की, याच ग्रंथावरून आजोबांशी वाद झाल्यापासून त्याने घरातील गीतापाठास बसणे सोडले होते. विमाने खोटी, तर गीता तरी कशावरून खरी, असे तो म्हणे.

पाकीट मी तेथेच ठेविले, ग्रंथ मात्र बरोबर नेला व वाचला. लहानपणापासून पाठशाळेत अनुष्टुभावर वाढलेल्या माणसास भाषेचे वय जिभेवर कळते. या श्लोकांत आर्ष प्रयोगांचा मागमूस नाही. रचना सरळ, अलीकडची. इतिहासही तेच सांगतो. बेंगळुरूजवळच्या आनेकल येथील पंडित सुब्बराय शास्त्री यांनी १९१८ ते १९२३ या काळात हे श्लोक सांगितले व वेंकटाचल शर्मा यांनी ते लिहून घेतले. शकुन, सुंदर, रुक्म, त्रिपुर या विमानांची चित्रे त्यानंतर एका नकाशे काढणाऱ्या कारागिराकडून करविली गेली. हिंदी आवृत्ती १९५९ ची, तर म्हैसूरच्या जी. आर. जोस्यर यांनी इंग्रजी भाषांतरासह ग्रंथ काढला तो १९७३ साली. त्यापलीकडे जाणारे जीर्ण ताडपत्र कोणी दाखविलेले नाही. भरद्वाजांकडून आपणांस हे आतून स्फुरले, अशी शास्त्रीबुवांची धारणा होती. तसे मानण्यात मला अपराध दिसत नाही; परंतु स्फुरलेले वचन निराळे आणि जुनी पोथी निराळी. हा भेद ज्यांनी पुसला, ते मागाहूनचे लोक.

१९७४ साली बेंगळुरूच्याच भारतीय विज्ञान संस्थेतील मुकुंद, देशपांडे, नागेंद्र, प्रभु व गोविंदराजु या पाच संशोधकांनी श्लोक आणि आकृत्या ताडून पाहिल्या. यांपैकी एकही विमान उडण्याजोगे नाही आणि ग्रंथही प्राचीन नाही, असा त्यांचा निर्णय झाला. तरीही जानेवारी २०१५ मध्ये मुंबईच्या भारतीय विज्ञान काँग्रेसमध्ये हाच विषय पुन्हा मोठ्या अभिमानाने मांडला गेला. त्या पाचांतील नागेंद्र यांनी पुढे आपले आयुष्य योगविद्येच्या प्रसारास वाहिले, हे मी यजमानांना मुद्दाम सांगितले. त्यांची समजूत अशी की, प्रश्न विचारणारा तो नास्तिक.

अशी समजूत गीतेच्या वाचकाची कशी होऊ शकते? चौथ्या अध्यायाचा आरंभच पाहा ना. भगवान म्हणतात, हा योग मी विवस्वानास सांगितला, त्याने मनूस, मनूने इक्ष्वाकूस; पुढे दीर्घ काळाने तो लुप्त झाला. म्हणजे लुप्त विद्येचीच कथा, आणि सांगणारे साक्षात श्रीकृष्ण! यावर अर्जुन हात जोडून गप्प बसत नाही. आपला जन्म अलीकडचा, विवस्वानाचा कितीतरी आधीचा. मग आपण त्याला सांगितले हे मी कसे समजावे? हा तर कालनिर्णयाचाच प्रश्न झाला. भगवान त्यावर रागावले नाहीत, त्याला रथातून उतरविले नाही; पुढच्याच श्लोकात उत्तर दिले. याच अध्यायात पुढे ज्ञान मिळविण्याच्या वाटेवर प्रणिपात आणि सेवा यांच्या मध्ये परिप्रश्नाला जागा दिली आहे. नमस्कार तेवढा घेऊन प्रश्न गाळावा, अशी मुभा कोणास दिलेली नाही.

आपल्या परंपरेत पोथीची परीक्षा करणारे पाखंडी नव्हते. नाथमहाराजांनी शके १५०६ मध्ये ज्ञानेश्वरीच्या प्रती जमवून अशुद्ध पाठ काढले आणि त्यात कोणी आपली ओवी घुसडू नये, असे बजाविले. माउलींवरची भक्ती कमी पडली म्हणून का हे त्यांनी केले?

खरी लुप्त पोथी कशी सापडते, हेही याच मुलखात पाहावे. विसाव्या शतकाच्या आरंभी तंजावरकडील एका पंडिताने म्हैसूरच्या प्राच्य ग्रंथालयात ताडपत्रांची एक पोथी आणून दिली. आर. शामशास्त्री यांनी ती ओळखली व १९०९ साली छापली. ते कौटिल्याचे अर्थशास्त्र. पुढे अन्यत्रही प्रती मिळाल्या, पाठ ताडून पाहता आले, आणि आमच्या र. प. कंगले यांनी मुंबई विद्यापीठातर्फे १९६० ते १९६५ या काळात त्याचे चिकित्सक संपादन सिद्ध केले. त्यात उडणारे काही नाही. जकात आहे, वजनमापे आहेत, हत्तींची निगा आहे. पूर्वजांचा अभिमान वाटण्यास मला तेवढे पुरते.

आठवड्याने ग्रंथ परत करण्यास गेलो, तेव्हा हे सर्व यजमानांना सांगितले. ते बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, "म्हणजे पोराचेच खरे होते." अर्धे खरे होते, असे मी म्हटले; विमानांपुरते. आतल्या खोलीचे दार उघडे होते.

पुढील बैठकीस पाचव्या श्लोकापासून आरंभ करावयाचा आहे. नातवाने येण्याचे कबूल केलेले नाही. वेळ मात्र विचारून घेतली आहे.