क्रमांक २२२ : संमती न दिलेली विजेती

‘स्क्विड गेम’ या कोरियन मालिकेचे तिसरे आणि अखेरचे पर्व २७ जून २०२५ रोजी आले. त्याच्या शेवटच्या भागात, बक्षिसासाठी जीव पणाला लावणाऱ्या खेळाच्या दप्तरी एकच खेळाडू जिवंत उरतो : खेळ चालू असतानाच जन्मलेली, नावही न ठेवलेली एक मुलगी. तिच्या अंगावर क्रमांक आहे २२२, म्हणजे तिच्या आईचा. बक्षिसाचे ४,५६० कोटी वॉन तिच्या वाट्याला येतात. तिने करारावर सही केली नव्हती, मतदानाचे बटण दाबले नव्हते, तिच्यावर कोणाचे कर्जही नव्हते. दिग्दर्शक ह्वांग डाँग-ह्योक यांनी निवडलेला हा शेवट अनेक प्रेक्षकांना पटला नाही. तीन पर्वे ज्याच्या मागे चालली, तो नायक सोंग गी-हुन मरतो आणि ज्या जिवाने काहीच केलेले नाही त्याला सर्व मिळते, ही त्यांची तक्रार. परंतु मालिकेने पहिल्या भागापासून जो प्रश्न मांडला होता, त्याचे उत्तर या बाळाखेरीज दुसऱ्या कोणत्याही पात्राला देता आले नसते.

तो प्रश्न संमतीचा आहे. खेळ चालवणारे कोणालाही बांधून आणत नाहीत. कर्जाने पिचलेल्या माणसाला एक चिठ्ठी मिळते आणि तो आपल्या पायांनी येतो. करारात तिसरे कलम असते : बहुसंख्यांनी मत दिले तर खेळ थांबेल. २०२१ च्या पहिल्या पर्वात पहिल्याच फेरीतला नरसंहार पाहून उरलेले २०१ जण मतदान करतात. १०१ विरुद्ध १०० मतांनी खेळ थांबतो आणि सगळे घरी जातात. पुढे जे होते ते मालिकेतले सर्वांत भीषण दृश्य आहे, आणि त्यात एकही गोळी सुटत नाही. त्या २०१ पैकी १८७ जण परत येतात. बाहेर गी-हुनच्या आईचा मधुमेहाने कुजलेला पाय आहे, उपचाराला पैसे नाहीत, दारात सावकाराची माणसे आहेत. दुसऱ्या पर्वात प्रत्येक फेरीनंतर मतदान होते. गोल म्हणजे खेळ चालू, फुली म्हणजे बंद. पहिल्या मतदानात १८३ विरुद्ध १८२ अशा एका मताने गोल जिंकतो. प्रक्रिया निर्दोष, मोजणी सर्वांदेखत, आणि तरीही हे मतदान स्वतंत्र माणसांचे नाही. घरी परतल्यावर हातात काही शिल्लक राहणार असेल, तरच ‘नको’ म्हणण्याला अर्थ असतो.

ही माणसे तिथवर आली कशी, हेही मालिका नेमकेपणाने सांगते. गी-हुन हा मोटार कारखान्यातून काढून टाकलेला कामगार आहे; २००९ मध्ये प्योंगटेक येथील सांगयाँग मोटर्सच्या कामगारांनी ७७ दिवस कारखाना ताब्यात ठेवून दिलेला लढा त्यामागे आहे, असे ह्वांग यांनी सांगितले आहे. बाळाचा बाप म्युंग-गी याने आभासी चलनाची भलामण करून हजारो लोकांची बचत बुडवली. बाळाची आई जुन-ही त्याच व्यवहारात कंगाल झाली. अशा कर्जबाजारी माणसाला उधळा किंवा आळशी ठरवणे सोपे असते. रायगड जिल्ह्यातल्या पेणच्या लोकांना मात्र ते सोपे वाटू नये. पेण अर्बन को-ऑपरेटिव्ह बँकेचा गैरव्यवहार २०१० मध्ये उघड झाला, तेव्हा बनावट कर्जखात्यांतून साडेसातशे कोटींहून अधिक रक्कम गेल्याचे पुढे आले आणि सुमारे दोन लाख ठेवीदार-खातेदारांचे पैसे अडकले. त्यांत गणपतीचे कारखाने चालवणारे होते, भाजी विकणाऱ्या बायका होत्या, निवृत्तीची पुंजी ठेवलेले शिक्षक होते. त्या वेळी ठेवींवरच्या विम्याची मर्यादा एक लाख रुपये होती. ती पाच लाख झाली २०२० मध्ये. या ठेवीदारांनी जुगार खेळला नव्हता. आपल्या गावातल्या, ओळखीच्या माणसांच्या बँकेवर विश्वास ठेवणे एवढाच त्यांचा व्यवहार होता.

मात्र क्रमांक २२२ च्या मुलीचे खरे नातेवाईक शोधायचे, तर बँकेच्या दारात नव्हे, पेण आणि रोहा तालुक्यांतल्या कातकरीवाड्यांवर जावे लागते. कातकरी ही महाराष्ट्रातली विशेष असुरक्षित मानली गेलेली आदिवासी जमात. बहुतेकांकडे शेतजमीन नाही. घराखालची जागाही अनेक ठिकाणी दुसऱ्याच्या सातबाऱ्यावर असते. पावसाळ्यात काम नसते, चूल पेटायला हवी असते, एखादे आजारपण किंवा लग्न निघते, आणि अशा वेळी वीटभट्टीवाला किंवा कोळसाभट्टीचा मुकादम ‘अंगावर’ पैसे देतो. दिवाळी सरली की त्या पैशांच्या बदल्यात सगळे कुटुंब भट्टीवर जाते. काही जण जवळच्याच नदीकाठच्या भट्ट्यांवर राहतात, काही कोळसा पाडायला घाटावर, थेट कर्नाटकापर्यंत जातात. तिथे आठवड्याला खर्चीपुरते पैसे हातात पडतात, हिशेब मालकाच्या वहीत राहतो आणि पावसाच्या तोंडाशी तो मांडला जातो, तेव्हा पुष्कळदा कुटुंबाकडेच बाकी निघते. ती फेडायला पुढच्या हंगामात परत तीच भट्टी. कोणी साखळदंड घातलेला नसतो. मुकादमाला विचारले तर तो म्हणेल, हे आपखुशीने आले आहेत, आणि वहीतला अंगठाही दाखवील.

भट्टीवर जन्मलेले किंवा कडेवर बसून आलेले मूल या व्यवहारात कोठे असते? वहीत त्याचे नाव नसते, पण चालायला लागले की ते विटा उलटायला लागते, धाकट्याला सांभाळते, शाळेच्या पटावर गैरहजर राहते. आईबापांची बाकी त्याच्या बालपणातून वळती होते. १९७६ च्या वेठबिगार पद्धत (निर्मूलन) कायद्याने ही गोष्ट अचूक ओळखली होती. वेठबिगारीची व्याख्या करताना कायदा फक्त स्वतः उचल घेतलेल्या माणसाविषयी बोलत नाही. पूर्वजांनी किंवा वंशजांनी घेतलेली उचल आणि वारशाने अंगावर आलेले बंधनही त्यात येते. असे प्रत्येक कर्ज कायद्याने रद्द ठरते. जुन-ही मरते आणि तिचा क्रमांक तिच्या मुलीला चिकटवला जातो, तेव्हा पडद्यावर दिसते ते हेच वारशाचे बंधन. खेळ पाहायला आलेल्या, मुखवटे घातलेल्या धनिक पाहुण्यांना त्या कल्पनेत नवी गंमत वाटते. रायगडच्या भट्ट्यांवर ती नवी नाही.

संमतीच्या या मुखवट्याचा निकाल भारतात सर्वोच्च न्यायालयाने फार पूर्वी लावला आहे. १९८२ च्या आशियाई क्रीडास्पर्धांसाठी दिल्लीत बांधकामे चालू होती आणि मजुरांना किमान वेतन मिळत नव्हते. पीपल्स युनियन फॉर डेमोक्रॅटिक राइट्सच्या याचिकेवर त्याच वर्षी निकाल देताना न्यायमूर्ती पी. एन. भगवती यांनी राज्यघटनेच्या २३ व्या कलमातील सक्तीचा अर्थ विस्तारला. बळ म्हणजे केवळ काठी किंवा कायद्याची धमकी नव्हे. भूक आणि दारिद्र्य माणसाला दुसरा पर्यायच ठेवत नसतील, तर किमान वेतनाहून कमी मजुरीत केलेले काम हेही सक्तीचे काम होय. मालिकेतल्या कराराचे तिसरे कलम या कसोटीवर क्षणभरही टिकणार नाही.

उलट, जिथे पाय टेकायला जागा असते तिथे नकार किती लांब जातो, याची साक्ष रायगड जिल्ह्यातच आहे. पेण-अलिबाग रस्त्यावरच्या पोयनाडजवळील चरी गावात १९३३ मध्ये कुळांनी खोतांची जमीन न कसण्याचे ठरवले. नारायण नागू पाटील यांच्या नेतृत्वाखालचा तो संप १९३९ पर्यंत चालला. सहा वर्षे भाताची खाचरे ओस राहिली. कुळांनी जंगलातून लाकूडफाटा आणून विकला, मजुरी केली, करवंदे खाऊन दिवस काढले. १९३४ मध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकर चरीला आले आणि १९३७ मध्ये त्यांनी मुंबई विधिमंडळात खोतीविरोधी विधेयक मांडले. मालिकेतले २०१ जण घरी जाऊन एकेकटे झाले, हा दोन्हींतला फरक आहे. कुळांच्या मागे एकमेकांची घरे होती.

दुसरा दाखला पेणचाच. महामुंबई विशेष आर्थिक क्षेत्रासाठी (सेझ) पेण, उरण आणि पनवेल तालुक्यांतली हजारो हेक्टर जमीन संपादित होणार होती. हेटवणे धरणाच्या लाभक्षेत्रातल्या २२ गावांनी विरोध लावून धरला, प्रा. एन. डी. पाटील यांच्यासारखे नेते पाठीशी होते. अखेर २१ सप्टेंबर २००८ रोजी सरकारला या गावांतल्या जमीनधारकांचे मत घ्यावे लागले. कौल प्रचंड संख्येने विरोधात गेला. भूसंपादनाची मुदत पुढे संपली आणि प्रकल्प बारगळला. हे मतदान मालिकेतल्या मतदानासारखेच, पैसा समोर ठेवून झाले होते. पण मत देणाऱ्याजवळ सातबारा होता, धरणाचे पाणी येण्याची आशा होती. घरी परतणे म्हणजे उपाशी परतणे नव्हते. त्या कौलाचा आनंद मानताना एक गोष्ट विसरता येत नाही : तो जमीनधारकांचा कौल होता. त्याच गावांच्या कडेला राहणाऱ्या भूमिहीन कातकऱ्यांना कोणी विचारले नाही.

आता गी-हुनच्या मरणाकडे वळता येते. अंतिम फेरी तीन उंच खांबांवर होते आणि प्रत्येक खांबावर बटण दाबून किमान एकाला खाली पाडणे हा नियम असतो. तिसऱ्या खांबावर गी-हुन, म्युंग-गी आणि बाळ उरतात. झटापटीत म्युंग-गी पडतो, पण बटण दाबलेले नव्हते, म्हणून ते मरण हिशेबात धरले जात नाही. गी-हुन बटण दाबतो, बाळाला जपून खाली ठेवतो, वरून पाहणाऱ्या पाहुण्यांना आपण माणसे आहोत हे सांगू लागतो आणि वाक्य पुरे न करता स्वतःला सोडून देतो. आदल्या रात्री त्याला सुरा देऊन झोपलेल्या प्रतिस्पर्ध्यांना मारण्याची सोय करून दिली होती. खेळाचा प्रमुख इन-हो पूर्वी स्वतः अशाच सुऱ्याने जिंकला होता. गी-हुन सुरा वापरत नाही. त्याचा हा निर्णय म्हणजे तीन पर्वांतली एकमेव खरी संमती, कारण तिच्यात त्याला काहीच मिळायचे नाही. ज्यांना हा शेवट पोकळ वाटला, त्यांनी त्याची तुलना खेळातल्या प्रत्येक सहीशी करून पाहावी.

बाळ आणि बक्षिसाचे कार्ड सहा महिन्यांनी इन-होचा पोलीस भाऊ जुन-हो याच्या घरी पोचते. गी-हुनने पहिल्या पर्वात जिंकलेल्या बक्षिसातली उरलेली रक्कम लॉस एंजेलिसमध्ये त्याच्या मुलीला मिळते, आणि त्याच शहराच्या एका गल्लीत नवी भरती चालू असल्याचे दिसते. मालिका बाळाला पैसा देते, बाळाच्या आईसारख्यांना तिथवर आणणारी व्यवस्था तशीच ठेवते. प्रत्यक्षात वेठबिगारीतून सुटलेल्या मुलासाठी तरतूद वेगळी आहे. केंद्राच्या २०१६ च्या योजनेत मुले आणि स्त्रियांना दोन लाख रुपये असून त्यातली मोठी रक्कम त्यांच्या नावे ठेव म्हणून राहते. नंतरच्या सुधारणेनुसार जिल्हा प्रशासन तातडीची मदत ३० हजारांपर्यंत देऊ शकते. पूर्ण रक्कम मात्र मालकाविरुद्धच्या खटल्यात वेठबिगारी सिद्ध होण्याशी जोडलेली आहे. ती सिद्ध करायला हिशेबाची वही लागते, आणि वही मालकाकडे असते.