स्वहस्तांचा उद्योग व संतुष्ट मन
(१ थेस्सल. ४:११, १२)

थेस्सलनीका येथील मंडळीत कित्येक जण उद्योग टाकून इतरांच्या अन्नावर राहू लागले होते. त्यांस पौल प्रेषिताचा बोध असा, की शांतपणे राहून स्वहस्तांनी काम करा. म्हणजे बाहेरच्या लोकांत तुमचे वर्तन शोभेल व तुम्हांस कोणाचे मिंधे व्हावे लागणार नाही.

हा बोध करणारा स्वतः कसा राहिला? करिंथ येथे तो अक्विला व प्रिस्किल्ला यांच्या घरी तंबू करण्याचा धंदा करी (प्रे. कृ. १८:३). कामकरी मजुरीस पात्र आहे हे त्यास मान्य होते, व फिलिप्पैकरांचे दानही त्याने आनंदाने घेतले. तेव्हा वेतन घेणे पाप आहे असे कोणत्याही उपदेशकाने समजू नये. परंतु ज्याचे थोडक्यात भागते, त्याचे तोंड कोणास बंद करता येत नाही.

आपल्याच देशात रेव्ह. नारायण वामन टिळक यांनी १९१७ साली मिशनची पगारी नोकरी सोडून सातारा येथे ‘देवाचा दरबार’ स्थापिला. दोनच वर्षांनी, १९१९ साली, ते प्रभूकडे गेले. तथापि ख्रिस्ताचा सेवक या देशी साधूच्या साधेपणाने राहू शकतो, हे त्यांनी आचरून दाखविले.

आता आम्ही आपली घरे पाहू. शेजाऱ्याने मोठा मांडव घातला म्हणून आम्हीही कर्ज काढून घालतो. वाजंत्री एका दिवसात थांबते. व्याज मात्र रात्रीही निजत नाही. मग रविवारी सावकाराने शेतावर बोलाविले, तर उपासना सोडून जावे लागते. ऋणको हा धनकोचा दास होतो, असे नीतिसूत्रकार सांगतो (नीति. २२:७). ज्यांस प्रभूने मोल देऊन सोडविले, त्यांनी एका मांडवासाठी पुन्हा दास व्हावे काय?

घरची भाकरी, परसातील शेवगा, दारच्या चार कोंबड्या व कष्टाळू हात, ही देवाची लहान देणगी नव्हे. पण ती केवळ आमच्या पोटासाठी नाही. पौलाच्या हातांनी त्याच्या सोबत्यांच्याही गरजा भागविल्या, आणि अशाच श्रमाने दुर्बळांस साहाय्य करावे असे त्याने इफिसच्या वडिलांस सांगितले (प्रे. कृ. २०:३४, ३५). म्हणून दळावयास बसताना प्रथम एक मूठ धान्य प्रभूसाठी बाजूस काढा. त्यातून विधवेची चूल पेटेल व मंडळी स्वतःच्या पायांवर उभी राहील.

प्रभू आम्हां सर्वांस संतुष्ट मन व मोकळे हात देवो. आमेन.