शून्यापासून हिशेब

मार्च महिना आला की घरात, शेतीत आणि धर्मग्रामातही हिशेबाच्या वह्या उघडतात. बहुतेक वेळा आपण गेल्या वर्षीचा आकडा घेतो, महागाईपोटी थोडा वाढवतो आणि पुढे लिहितो. गेल्या वर्षी खर्च झाला, एवढेच त्या खर्चाचे कारण.

याहून वेगळी एक रीत आहे. अमेरिकेत १९७० च्या सुमारास पीटर पायर यांनी ती टेक्सस इन्स्ट्रुमेंट्स या कंपनीत बसवली. आपल्या राज्यात १९८६ साली नांदेडचे शंकरराव चव्हाण मुख्यमंत्री असताना ‘शून्याधारित अर्थसंकल्प’ या नावाने तिचा प्रयोग झाला. प्रत्येक खात्याने शून्यापासून सुरुवात करायची आणि आपली गरज पुन्हा पटवून द्यायची. काल मिळाले म्हणून आज मिळेल, असे नाही.

डोंगरकड्याकडच्या शेतकऱ्याला हे नवीन नाही. गुढीपाडव्याला सालगड्याचे साल संपते. नवे साल नव्याने ठरते. पैसे किती, धान्य किती, आणि मुळात माणूस ठेवायचा की नाही. मालकाच्या बाजूने हिशेब चोख आहे. पण पाडव्याच्या आदल्या रात्री सालगड्याच्या घरात काय बोलणे होते, ते आमच्यापैकी काहींनी लहानपणी अंथरुणात पडून ऐकले आहे. कंबर धरली, नांगर धरवेना, की मागच्या पंधरा सालांची किंमत शून्य.

मग प्रश्न विचारणेच चूक का? लूककृत शुभवर्तमानाच्या तेराव्या अध्यायात अंजिराच्या झाडाचा दाखला आहे. तीन वर्षे फळ नाही, तर या झाडाने जागा का अडवावी, असे मालक विचारतो. प्रभू येशू त्या प्रश्नाला वेडा ठरवत नाही. माळीही ‘झाड पूर्वीपासून आहे’ असे म्हणत नाही. तो एक वर्ष मागतो, आणि आपण स्वतः खणू, खत घालू म्हणतो. म्हणजे खर्चाची बाजू मांडणारा आपली मेहनतही पुढे ठेवतो. आमच्या मते आपल्या बैठकांत नेमके हेच कमी पडते.

विचारणाराही तपासावा लागतो. मरियेने प्रभूच्या पायांना सुगंधी तेल लावले, तेव्हा ते तीनशे दिनारांना विकून गरिबांना का दिले नाही, असे यहुदाने विचारले. प्रश्न ऐकायला किती रास्त! पण थैली त्याच्याच हाती होती, आणि योहान तो हात कसा होता तेही लिहून ठेवतो.

१९८३ च्या धर्मसंहितेतील कलम १२८४ दरवर्षी जमाखर्चाचा अंदाज करण्याची आग्रहाने शिफारस करते. तीच संहिता इतरत्र सांगते, की ठरावीक कामासाठी आलेले दान त्याच कामाला लावावे, आणि कामगाराला न्याय्य वेतन द्यावे. तेव्हा या दोन गोष्टी आम्ही शून्यावर आणणार नाही. कामाची गरज खरोखरच संपली, तर त्या माणसाच्या पुढच्या सोयीचा खर्च आधी लिहावा.

बाकी सर्व विचारावे. सणाचा मंडप, लाऊडस्पीकर, रोषणाई. खरे सांगायचे तर तिथे आपण कधी विचारत नाही, कारण तो थाट चार लोकांना दिसतो. काटकसरीची गोष्ट निघते ती देवळाची झाडलोट करणाऱ्या बाईच्या पगारापाशी. यंदाच्या बैठकीत वहीचे पहिले पान मंडपाचे उघडावे, अशी आमची सूचना आहे.