गणित बरोबर, फलित चूक

आकाशातले गोल एका रेषेत आले की काळाची घडी विस्कटते, ही कल्पना विज्ञानकथाकारांना पुन्हा पुन्हा भुरळ घालते. वरवर पाहता ती ग्रहताऱ्यांची गोष्ट वाटते, पण नीट वाचली की ध्यानात येते, खरा सवाल माणसांचा आहे. आपल्याकडे ज्योतिषाचे दोन भाग मानतात. कोणता ग्रह कधी कुठे असेल हे गणित सांगते, त्यामुळे काय घडेल हे फलित सांगते. कल्पित जगांतला अनर्थ या दोहोंमधल्या फटीतून आत शिरतो.

आयझॅक असिमोव्हची ‘नाइटफॉल’ ही कथा १९४१ सालची. तिच्यातल्या लागाश या ग्रहाला सहा सूर्य आहेत, त्यामुळे तिथे रात्र ठाऊकच नाही. मात्र २०४९ वर्षांतून एकदा असा योग येतो, की पाच सूर्य मावळलेले असतात आणि उरलेल्या एकाला एरवी न दिसणारा चंद्र झाकतो. कथेत एका जत्रेतला खेळ येतो: गाडीत बसायचे आणि पंधरा मिनिटे काळोख्या बोगद्यातून जायचे. बाहेर आलेल्यांपैकी काहींच्या डोक्यावर कायमचा परिणाम होतो. मग आख्ख्या ग्रहावर अंधार पसरल्यावर काय होणार? उजेडासाठी लोक हाताला लागेल ते पेटवतात आणि शहरे जळून खाक होतात. उत्खननात एकाखाली एक अशा जळालेल्या संस्कृतींचे थर सापडले आहेत. दर वेळी इतिहास पुन्हा पहिल्या पानापासून सुरू होतो.

त्या योगाने प्रत्यक्षात केले काय? फक्त सावली पाडली. जमीन हादरली नाही, समुद्र उसळला नाही. तिथल्या एका धर्मपंथाने या प्रसंगाची आठवण पोथीत जपली होती, पण तिला पापपुण्याचे फलित चिकटवून. खगोलशास्त्रज्ञांच्या हाती गणित लागले ते ऐनवेळी, आणि वर्तमानपत्रवाल्यांनी त्यांची टर उडवली. ज्यांच्याकडे आठवण होती आणि ज्यांच्याकडे आकडे होते, त्यांनी एकमेकांवर विश्वास टाकला असता तर दिव्यांची सोय आधीच करता आली असती.

चिनी लेखक लिऊ त्सिशिन यांच्या ‘द थ्री-बॉडी प्रॉब्लेम’मध्ये दुखणे याहून खोल आहे. तिथल्या ग्रहाला तीन सूर्य आहेत, आणि ते एकमेकांना असे खेचतात की उद्या सूर्य उगवेल की नाही याची शाश्वती नाही. तीन गोलांच्या अशा गतीला कायम लागू पडेल असे सर्वसाधारण सूत्र मिळत नाही. गणितज्ञ प्वँकारे यांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ही अडचण उघड केली. कादंबरीतल्या आभासी खेळात एक राजा, आता स्थिर काळ येणार, असे भाकीत घेऊन दरबारात येतो. त्याच्या शब्दावर सुकवून ठेवलेली माणसे पाण्यात भिजवून जिवंत केली जातात, आणि मग सूर्य दगा देतो. पुढे तर तीन कोटी सैनिकांचे जिवंत गणकयंत्र उभे राहते, पण तिन्ही सूर्य एका रेषेत येतात आणि त्यांच्या एकवटलेल्या ओढीने तेही उधळले जाते. जिथे गणितच जमत नाही, तिथे पंचांग कोण छापणार? पंचांग नसेल तर पेरणी, कर्जाची मुदत, लग्नाची तारीख यांतले काहीच ठरवता येत नाही.

आपण त्या मानाने भाग्यवान. आपल्याला सूर्य एकच, आणि ग्रहांचे वेळापत्रक शेकडो वर्षे पुढचे मांडता येते. तरी १९६२ च्या फेब्रुवारीत मकर राशीत अष्टग्रही जमली तेव्हा देशभर होमहवने झाली, जगबुडीच्या गप्पा रंगल्या. गणित अचूक होते, ग्रह ठरल्या वेळी ठरल्या जागी आले. फलित मात्र साफ फसले. त्यात नवल नव्हते. ग्रहांमध्ये पृथ्वीवर सर्वांत जास्त भरतीचा ताण टाकू शकतो तो शुक्र, आणि तो ताणही चंद्राच्या ताणाच्या दहा हजाराव्या हिश्शाहून कमी भरतो. गुरुत्वाकर्षणाने काळ मंदावतो हे खरे आहे. जीपीएस उपग्रहांवरची घड्याळे वेग आणि गुरुत्व यांच्या एकत्रित परिणामाने पृथ्वीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे धावतात आणि ती दुरुस्ती आधीच करून ठेवावी लागते. पण ग्रहांच्या रांगेने आपल्या मनगटावरचा काटा अडत नाही.

म्हणून फलित म्हणजे निव्वळ खुळेपणा, असे मी म्हणणार नाही. मृग नक्षत्र लागले की पाऊस, हेही फलितच, पण शेतकरी ते दरवर्षी शेतात तपासून पाहतो. मृग लागला आणि पाऊस पडला नाही, तर तो पंचांग मिटून ठेवतो, ढेकूळ हातात चुरडून बघतो आणि वाफसा येईपर्यंत तिफण हलवत नाही. चुकू शकेल असे फलित कामाचे असते. अष्टग्रहीचे फलित तसे नव्हते: अनर्थ झाला तर भाकीत खरे, न झाला तर होमाचा प्रताप. असल्या फलिताला हरण्याची भीतीच नसते, म्हणून ते काही शिकतही नाही.

लागाशच्या लोकांनी अंधार पाहिला नव्हता, हा त्यांचा दोष म्हणता येणार नाही. आपल्याला ती सबब नाही. २ ऑगस्ट २०२७ रोजी सूर्यग्रहण आहे. इजिप्तमध्ये लक्सरजवळ ते सहा मिनिटांहून अधिक काळ खग्रास दिसेल. आपल्या पश्चिम किनाऱ्यावर दुपारनंतर खंडग्रास. पावसाळी ढगांनी वाट दिली तर दारे-खिडक्या लावून आत बसू नका. ग्रहणाचा खात्रीचा चष्मा घ्या, घरातल्या पोरांना घेऊन गच्चीवर जा, आणि पंचांगात छापलेली स्पर्शाची वेळ घड्याळाशी ताडून पाहा.